शाई, आरसे आणि चांदी

अकिरा कुरोसावा, केन्जी मिझोगुची, यासुजिरो ओझू आणि कोन इचिकावा ही जपानी सिनेमातली चार नावं आपण एका दमात घेतो. पण त्यांचे चित्रपट एका पंगतीत बसवणं अवघड आहे. कुरोसावाचा कॅमेरा धावतो, झाडीत घुसतो, सूर्याकडे रोखून बघतो. मिझोगुचीचा कॅमेरा क्रेनवर बसून संथपणे तरंगतो. ओझूचा कॅमेरा चटईलगत मांडी घालतो आणि सहसा उठायचं नाव घेत नाही. इचिकावाला दर चित्रपटात काहीतरी नवी खोडी काढल्याशिवाय चैन पडत नाही. या चौघांसाठीही कॅमेऱ्यामागे उभा राहिलेला एक माणूस होता, काझुओ मियागावा. 'राशोमोन', 'उगेत्सु', 'सान्शो द बेलिफ', 'फ्लोटिंग वीड्स', 'योजिम्बो', 'टोकियो ऑलिम्पियाड' ही त्याच्या कामातली फक्त ठळक नावं. एका छायालेखकाच्या खात्यावर अशी यादी जगात क्वचितच सापडेल.

तरीही आपल्या फिल्म सोसायट्यांतल्या चर्चेत त्याचं नाव निघतं ते अगदी शेवटी, 'छायालेखन अप्रतिम' एवढ्या दोन शब्दांपुरतं. चित्रपट म्हणजे दिग्दर्शकाची निर्मिती, ही सवय आपल्या हाडीमाशी खिळली आहे. शिवाय मियागावाच्या बाबतीत एक खरी अडचणही आहे. त्याच्या फ्रेमची रचना दिग्दर्शकागणिक इतकी बदलते की 'हा मियागावाचा शॉट' असं बोट ठेवून सांगता येत नाही. माझं मत असं, की त्याची सही रचनेत शोधूच नये. ती काळ्या आणि पांढऱ्याच्या मधल्या पट्ट्यात, राखाडीच्या छटांत आहे. पहिल्या चित्रपटापासून शेवटपर्यंत हा माणूस एकच गोष्ट हाताळत राहिला: प्रकाश फिल्मवर किती गडद उमटवायचा आणि किती फिका.

मियागावाचा जन्म 25 फेब्रुवारी 1908 चा, क्योतो शहरातला. लहानपणी तो शाईची चित्रं काढायला शिकला. या चित्रकलेत रंगांची पेटी नसते. काजळीची वडी दगडावर पाण्यात उगाळायची, कुंचला भिजवायचा आणि पाणी कमीजास्त करत त्या एकाच काळ्यातून धुकं, डोंगर, बांबू, पाणी सगळं उभं करायचं. कागद शाई झटकन पिऊन टाकतो, त्यामुळे चुकलेली रेघ खोडता येत नाही. एका शाईत पाच रंग असतात, अशी पूर्व आशियातल्या चित्रकारांची जुनी धारणा आहे. किशोरवयात मियागावा चित्रं काढून ती विकूही लागला होता. पुढे मुलाखतींमध्ये आपल्या छायालेखनाचं मूळ तो या शिक्षणातच दाखवायचा.

1926 मध्ये तो क्योतोतल्या निक्कात्सु स्टुडिओत दाखल झाला तो मात्र कॅमेऱ्यापाशी नाही, तर रसायनांच्या लॅबमध्ये. त्या काळची फिल्म बहुतेक ठिकाणी लाल प्रकाशाला आंधळी असे, म्हणून लाल दिव्याखाली ती धुता येई. निगेटिव्ह डेव्हलपरमध्ये किती वेळ ठेवायची हे यंत्रापेक्षा लॅबवाल्याच्या नजरेवर ठरायचं. काळं किती चढलं, पांढरं जळालं तर नाही ना, हे टाकीशी उभं राहून बघायचं. कॅमेरामनने उन्हात केलेली चूक लॅबमध्ये थोडीफार सावरता येते आणि त्याचं चांगलं काम लॅबमध्ये पुरतं वाटोळंही होऊ शकतं, हे ज्याने रोज पाहिलं, तो पुढे स्वतः कॅमेरा हाती घेतो तेव्हा शॉट घेतानाच त्याच्या डोक्यात पुढची सगळी धुलाई चालू असते. बहुतेक छायालेखक लॅबला परकं खातं समजतात. मियागावाचं ते माहेर होतं.

नंतर तो सहायक कॅमेरामन झाला, फोकस सांभाळू लागला आणि 1935 मध्ये 'ओचियोगासा' या चित्रपटापासून स्वतंत्रपणे चित्रण करू लागला. आधीची नऊ वर्षं लॅबमध्ये आणि दुसऱ्यांच्या हाताखाली गेली होती. जपानी स्टुडिओंत ही उमेदवारी नेहमीचीच. माणूस कंपनीचा पगारी नोकर असे आणि कंपनी देईल तो चित्रपट करी. मियागावाच्या सुरुवातीच्या कामात तलवारबाजीचे पट आहेत, विनोदी पट आहेत, आणि 1939 चा मासाहिरो माकिनोचा 'ओशिदोरी उतागास्सेन' हा सामुराई काळातला चक्क गाण्यांनी भरलेला चित्रपटही आहे. आपल्याकडच्या प्रेक्षकाला तो पाहताना अजिबात परकं वाटणार नाही. दोन वाक्यं बोलून झाली की कुणीतरी गाऊ लागतं.

त्याचं नाव खऱ्या अर्थाने झालं ते 1943 च्या 'रिक्षावाला' या चित्रपटाने. जपानी नाव 'मुहोमात्सु नो इश्शो', दिग्दर्शक हिरोशी इनागाकी, पटकथा मान्साकु इतामीची. क्युशू बेटावरच्या कोकुरा गावात माणसांनी ओढायची रिक्षा चालवणारा, भांडखोर पण निर्मळ मनाचा मात्सुगोरो. एका लष्करी अधिकाऱ्याच्या मृत्यूनंतर तो त्याच्या विधवेला आणि लहान मुलाला आधार देतो, आणि त्या बाईविषयी मनात जे आहे ते आयुष्यभर गिळत राहतो. रिक्षाचं चाक चित्रपटभर फिरत राहतं, काळ पुढे सरकल्याची खूण म्हणून. शेवटी मरणाच्या उंबरठ्यावर मात्सुगोरोच्या आठवणी एकात एक मिसळत येतात: चाक, चेहरे, बर्फ, मिरवणूक.

हे एकात एक मिसळणं आज संगणकावर करायचं झालं तर कुणी कौतुकही करणार नाही. मियागावाने ते कॅमेऱ्यातच केलं. म्हणजे एक दृश्य चित्रित करायचं, फिल्म कॅमेऱ्यातच उलटी गुंडाळायची, नेमक्या फ्रेमवर आणून त्याच निगेटिव्हवर दुसरं दृश्य घ्यायचं, मग तिसरं. पहिल्या दृश्याचा कुठला भाग काळा ठेवला तर त्यात दुसरं बसेल, दर खेपेला प्रकाश किती कमी करायचा म्हणजे सगळ्यांची बेरीज होऊन चित्र जळणार नाही, हे सगळं आधी कागदावर मांडून ठेवावं लागतं. दहावी खेप चुकली तर आधीच्या नऊही गेल्या. युद्धाचा काळ, फिल्मची टंचाई. शाईच्या चित्रात खोडरबर चालत नाही, ही लहानपणची शिस्त त्याला इथे कामी आली असणार असं मला वाटतं.

या चित्रपटाचं नशीब मात्र वाईट. एका फाटक्या रिक्षावाल्याने लष्करी अधिकाऱ्याच्या विधवेवर प्रेम करावं हे जपानच्या गृहखात्याला रुचलं नाही आणि त्या भावनेची कबुली देणारा प्रसंग सेन्सॉरने कापला. युद्धानंतर अमेरिकी सत्तेच्या सेन्सॉरने जपानी लष्कराच्या विजयाचे संदर्भ असलेले भाग उडवले. एकाच चित्रपटावर दोन परस्परविरोधी राजवटींनी कात्री चालवल्याचं हे उदाहरण. विधवेचं काम करणारी केइको सोनोई 1945 च्या ऑगस्टमध्ये हिरोशिमात होती. बॉम्बनंतर काही दिवसांतच ती किरणोत्सर्गाने गेली. इनागाकीने पुढे 1958 मध्ये तोशिरो मिफुनेला घेऊन हाच चित्रपट पुन्हा केला आणि त्याला व्हेनिसचा सुवर्णसिंह मिळाला. त्या रंगीत आवृत्तीत मियागावा नव्हता. दोन्ही पाहिलेल्यांनी चाकाची दृश्यं शेजारीशेजारी ठेवून पाहावीत.

युद्धाच्या धामधुमीत, 1942 मध्ये, निक्कात्सुचं चित्रपटनिर्मितीचं काम दाइएई या नव्या कंपनीत विलीन झालं होतं आणि मियागावा दाइएईच्या क्योतो स्टुडिओचा माणूस झाला. तिथेच 1950 च्या उन्हाळ्यात तोहो कंपनीतून बाहेर पडलेला कुरोसावा एक विचित्र पटकथा घेऊन आला. जंगलात एक सामुराई मेला आहे. दरोडेखोर, सामुराईची बायको, मेलेल्या सामुराईचा आत्मा आणि एक लाकूडतोड्या असे चौघं चार गोष्टी सांगतात आणि चौघांच्या गोष्टी जुळत नाहीत. रयुनोसुके आकुतागावाच्या दोन कथांवरून रचलेली ही पटकथा दाइएईच्या प्रमुख मासाइची नागाताला धड कळलीही नव्हती.

'राशोमोन'चं बरंचसं चित्रण नाराजवळच्या जुन्या अरण्यात झालं. झाडांवरून जळवा अंगावर टपटपत. त्यांच्यावर उपाय म्हणून चित्रपटाची मंडळी निघण्यापूर्वी मीठ चोळून घेत, असं कुरोसावाने आत्मचरित्रात लिहिलं आहे. खरा प्रश्न होता अंधाराचा. घनदाट झाडीत उजेड पोचत नाही. नेहमीचा उपाय म्हणजे रुपेरी कागद लावलेले रिफ्लेक्टर, पण त्यांचा उजेड मऊ, पसरट येतो. कुरोसावाला हवी होती रणरणत्या उन्हाची भगभग, पानांच्या सावल्यांनी चिरफाळलेली. मियागावाने वेशभूषा खात्यातला पुरुषभर उंचीचा आरसा मागवला. झाडीबाहेर जिथे ऊन पडतं तिथे आरसा उभा करायचा आणि ऊनच जसंच्या तसं आत फेकायचं. आरशापासून नटापर्यंतच्या वाटेत फांद्या धरल्या की चेहऱ्यावर पानांच्या टोकदार सावल्या नाचू लागतात. बायकोचं काम करणाऱ्या माचिको क्योच्या चेहऱ्यावर, दरोडेखोर झालेल्या मिफुनेच्या घामेजलेल्या पाठीवर जे कवडसे हलतात ते असे बनवलेले आहेत.

दुसरं धाडस अधिक गाजलं. कॅमेरा थेट सूर्याकडे वळवायचा. सूर्याची किरणं लेन्समधून एकवटून फिल्म जाळतील, अशी तेव्हाच्या कॅमेरामन मंडळींत भीती होती. मियागावाने फांद्यांच्या जाळीआडून चमकणारा सूर्य घेतला, तोही चालत्या कॅमेऱ्याने. फिल्म जळली नाही. लाकूडतोड्या खांद्यावर कुऱ्हाड टाकून जंगलात शिरतो त्या सुरुवातीच्या प्रवासात कॅमेरा त्याच्या पुढून, मागून, बाजूने, खालून जातो, मध्येच सूर्याकडे बघतो, पात्यावर उन्हाची तिरीप चमकते. संवाद एकही नाही. प्रेक्षक त्याच्याबरोबर नकळत अशा जागी येऊन पोचतो जिथे नजरेवर भरवसा ठेवता येत नाही. या चित्रपटाचं सार त्या चालण्यातच सांगून झालं आहे, असं मी म्हणेन. पुढचे चार जबाब म्हणजे त्याचा विस्तार.

तिसरी गोष्ट पावसाची. भग्न वेशीखाली तीन माणसं पावसात अडकली आहेत आणि वर आकाश पांढुरकं. पांढुरक्या आकाशावर पाण्याच्या धारा दिसतच नाहीत. अग्निशामक बंबांनी पाडलेल्या त्या पावसाच्या पाण्यात म्हणून काळी शाई मिसळली गेली. वेशीचा देखावा इतका अवाढव्य होता की त्याचं पूर्ण छप्पर खांबांना पेलवलं नसतं, म्हणून ते पडकं दाखवलं. शाईची सोय आणि छपराची अडचण दोन्हींनी मिळून जगातल्या सिनेमातला एक अविस्मरणीय पाऊस घडवला.

मियागावाला मात्र चित्रण चालू असताना धास्ती होती. कुरोसावा बाहेरचा दिग्दर्शक, स्वतःहून कौतुक करणारा नव्हे. आपलं काम त्याला पटतंय की नाही हे मियागावाला कळेना. शेवटी ही गोष्ट लाकूडतोड्याचं काम करणाऱ्या ताकाशी शिमुराने कुरोसावाच्या कानावर घातली. तेव्हा कुठे कुरोसावाला लक्षात आलं की आपण मनातल्या मनात ज्याला शंभरावर गुण देतोय त्याला ते सांगितलेलंच नाही.

1951 मध्ये व्हेनिस महोत्सवात 'राशोमोन'ला सुवर्णसिंह मिळाला, पुढच्या वर्षी अमेरिकी अकादमीचा विशेष पुरस्कार. 1952 च्या जानेवारीत मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला आणि तिथून तो मद्रास, दिल्ली, कलकत्त्याला गेला. त्यातल्या परदेशी चित्रपटांत 'राशोमोन' होता. कलकत्त्यात सत्यजित राय यांनी तो लागोपाठ तीन दिवस पाहिला. 'पथेर पांचाली' तेव्हा अजून चित्रित व्हायचा होता. आणि आरशाची गोष्ट निघालीच आहे तर हेही सांगायला हवं, की 1959 च्या 'कागज़ के फूल'मध्ये व्ही. के. मूर्ती यांनी मुंबईतल्या स्टुडिओत उन्हाचा तो प्रसिद्ध झोत मोठ्या आरशांनीच आत आणला. मूर्तींनी ही युक्ती क्योतोकडून घेतली असं म्हणायला काहीही आधार नाही. दोन कसबी माणसांना एकाच अडचणीवर एकच उत्तर सुचलं, एवढंच.

यानंतरचा मियागावाचा काळ मिझोगुचीचा. 'मिस ओयु' (1951) पासून 'स्ट्रीट ऑफ शेम' (1956) पर्यंत दोघांनी आठ चित्रपट केले. हा माझ्या मते त्याच्या कारकिर्दीचा कळस. मिझोगुची नटांना आणि लेखकांना रडकुंडीला आणण्यासाठी कुप्रसिद्ध होता, पण कॅमेरा कुठे ठेवायचा, कसा हलवायचा, हे तो बरंचसं मियागावावर सोपवायचा. त्याची अट एकच. चित्रपट उलगडत जाणाऱ्या जुन्या जपानी चित्रगुंडाळीसारखा, न तुटता पुढे जायला हवा. कागदाची गुंडाळी डोळ्यांपुढून सरकते, मध्येच थांबता येतं, पण तुकडे पडत नाहीत. त्यासाठी मियागावाने क्रेन वापरली. 'उगेत्सु'चा जवळजवळ सत्तर टक्के भाग क्रेनवरून चित्रित केल्याचं त्याने सांगितलं आहे. पाहताना मात्र क्रेन कुठे आहे हे जाणवत नाही. ती दिमाखात वर चढत नाही, जरा उचलते, जरा सरकते, थांबते.

'उगेत्सु' (1953) ही सोळाव्या शतकातल्या यादवीच्या काळातली गोष्ट. गेंजुरो कुंभार मडकी विकून श्रीमंत व्हायच्या नादात बायको मियागीला मागे टाकून शहरात जातो आणि एका भुताटकीच्या मोहात अडकतो. बिवा सरोवरातून गेंजुरोची मंडळी होडीने निघतात तो प्रसंग पाहा. धुक्यात पाणी आणि आकाश यांची सीमाच उरलेली नाही. होडी दिसायच्या आधी वल्हवणारीचं गाणं ऐकू येतं. या प्रसंगाचा काही भाग स्टुडिओतल्या हौदात धूर सोडून घेतलेला आहे आणि थंडगार पाण्यात उतरून होडी ढकलणारे सहायक दिग्दर्शक होते. पडद्यावर मात्र दिसतो तो शाईत पाणी वाढवत वाढवत कागदाच्या पांढऱ्यात विरून गेलेला फिका राखाडी.

शेवटाकडचा एक शॉट तर दर वेळी श्वास रोखायला लावतो. गेंजुरो घरी परततो. घर रिकामं, चूल विझलेली. तो हाका मारत मागच्या दाराने बाहेर पडतो, घराला वळसा घालतो. कॅमेरा आतूनच त्याच्याबरोबर वळत जातो आणि परत चुलीपाशी येतो, तर चूल पेटलेली, आणि मियागी शेजारी बसून काहीतरी रांधते आहे. कुठेही तुकडा जोडलेला नाही. कॅमेरा पाठमोरा असताना मियागीचं काम करणाऱ्या किनुयो तानाकाला जागेवर येऊन बसायचं होतं, विस्तव पेटवायचा होता आणि प्रकाश बदलायचा होता. मियागी मेलेली आहे हे आपल्याला ठाऊक असतं, तरी त्या क्षणी आपण गेंजुरोइतकेच फसायला तयार असतो. हे शॉट तोडून दाखवलं असतं तर ती एक साधी युक्ती झाली असती.

'सान्शो द बेलिफ' (1954) मध्ये गुलामगिरीतली आन्जु भावाला पळून जाता यावं म्हणून तळ्यात जीव देते. ती झाडीतून पाण्याकडे जाते आणि शेवटी पाण्यावर फक्त वलयं उरतात. मियागावाने पुढच्या झाडांच्या पानांवर शाईचा पातळ हात फिरवून घेतला, म्हणजे कडा गडद होतील आणि मधलं पाणी आपोआप उजळ भासेल. कॅमेऱ्यापुढचं जगच शाईने रंगवून काढणारा छायालेखक! आज चित्रणानंतर रंग-छटा दुरुस्त करणारे जे काम पडद्यावर बटणं फिरवून करतात, ते तो झाडावर चढून करून घेत होता. 1951 चा सुवर्णसिंह आणि 'उगेत्सु', 'सान्शो' यांचे 1953 आणि 1954 चे रौप्यसिंह, म्हणजे चार वर्षांत व्हेनिसहून आलेले तीन सिंह मियागावाच्या चित्रपटांचे. हे त्याच्या नावाने मात्र कुणी मोजत नाही.

मिझोगुची 1956 च्या ऑगस्टमध्ये वारला. एव्हाना रंग आला होता, पडदा रुंद झाला होता. इचिकावाच्या 'एन्जो' (1958) मध्ये मियागावाला सोन्याचं मंदिर दाखवायचं होतं, तेही कृष्णधवल फिल्मवर. क्योतोचं सुवर्णमंदिर 1950 मध्ये एका तरुण भिक्षूने जाळलं, त्यावर युकिओ मिशिमाने कादंबरी लिहिली आणि त्यावर हा चित्रपट. सोनं राखाडीत दाखवायचं हा विरोधाभास वाटेल, पण पडद्यावर ते मंदिर चमकतं. त्याच्या भोवतीचं सगळं जग काळवंडलेलं ठेवल्यामुळे ते चमकतं.

ओझूबरोबरचा 'फ्लोटिंग वीड्स' (1959) हा एक अपघातच. ओझू शोचिकु कंपनीचा, त्याचा कॅमेरामन युहारु आत्सुता. दाइएईचे कलाकार वापरल्याची परतफेड म्हणून त्याने दाइएईसाठी हा एक चित्रपट केला आणि मियागावा वाट्याला आला. ओझूचे नियम ठरलेले: खालून लावलेला कॅमेरा, एकच लेन्स, हालचाल नाही. मियागावाच्या हातातले जवळजवळ सगळे खेळ काढून घेतल्यासारखं. उरला तो प्रकाश. गावात आलेल्या फिरत्या नाटक कंपनीचा म्होरक्या आणि त्याची सोबतीण रस्त्याच्या दोन बाजूंना, दोन वळचणींखाली उभं राहून भांडतात आणि मध्ये मुसळधार पाऊस कोसळतो. लाल छत्री, करडा पाऊस, गडद वळचण. ओझूच्या इतर रंगीत चित्रपटांत इतका अंधार सहसा नसतो.

1960 च्या 'ओतोतो'ची गोष्ट मात्र लॅबमध्ये घडली आणि मला ती सगळ्यात महत्त्वाची वाटते. इचिकावाचा हा चित्रपट 1920 च्या आसपासच्या काळातला, एका बेबंद भावाचा आणि त्याला सांभाळणाऱ्या बहिणीचा. दिग्दर्शकाला रंग हवे होते, पण जुन्या काळाचे, उतरलेले. रंगीत फिल्म धुताना काय होतं ते आधी समजून घेऊ. प्रकाश पडलेल्या जागी चांदीचे सूक्ष्म काळे कण तयार होतात आणि त्यांच्या सोबतीने रंगद्रव्य तयार होतं. नंतर ब्लीच नावाच्या टप्प्यात या चांदीचं विरघळू शकेल असं रूप केलं जातं आणि पुढच्या टप्प्यात ती धुऊन टाकली जाते. उरतो फक्त रंग. मियागावाने ठरवलं की ही चांदी सगळी जाऊ द्यायची नाही. ब्लीच गाळलं की रंगीत चित्रावर एक कृष्णधवल चित्र बसून राहतं. काळं अधिक काळं होतं, कातडीचा गुलाबी आणि झाडांचा हिरवा मावळतो, राखाडी सगळीकडे पाझरते. चौतीस वर्षांपूर्वी लॅबमध्ये टाकीशी उभा राहिलेला पोरगाच हे करू शकत होता, कारण चांदी कुठे असते आणि कधी जाते हे त्याला हाताने ठाऊक होतं.

ही पद्धत नंतर जगभर गेली. 1984 च्या 'नाइन्टीन एटी-फोर' या इंग्रजी चित्रपटात रॉजर डीकिन्सने आणि 1995 च्या 'सेव्हन'मध्ये दारियुस खोंजीने चांदी राखून तसेच मलूल, दाट रंग मिळवले. आज मोबाइलच्या फोटोवर अशा मलूल रंगांचा जो फिल्टर सापडतो त्याच्या मागे ही रासायनिक खटपट आहे.

'योजिम्बो' (1961) साठी कुरोसावाने त्याला पुन्हा बोलावलं, या वेळी तोहोत. धूळ, वारा आणि ओसाड बाजारपेठ, दोन टोकांना दोन टोळ्या आणि मध्ये मिफुनेचा भाडोत्री सामुराई. लांब पल्ल्याची लेन्स दूरची माणसं जवळ ओढते आणि मधलं अंतर चपटं करते, पण तिचा फोकस उथळ असतो. पुढचा आणि मागचा दोघंही स्पष्ट हवे असतील तर लेन्सचं तोंड बारीक करावं लागतं आणि मग उजेड प्रचंड लागतो. मियागावाने ते केलं, म्हणून खानावळीच्या फळ्यांच्या फटीतून बघणारा मिफुने आणि रस्त्यापलीकडचे गुंड एकाच वेळी टोकदार दिसतात. 1964 मध्ये सर्जिओ लिओनेने याच कथेवर 'अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स' काढला, तो कुणाला विचारल्याशिवाय. तोहोशी त्याचा वाद झाला ही वेगळी गोष्ट.

या मोठ्या नावांच्या मधल्या जागा धंद्याच्या चित्रपटांनी भरलेल्या आहेत. आंधळा तलवारबाज झातोइची हा जपानी प्रेक्षकांचा लाडका. त्याच्या मालिकेतले काही चित्रपट मियागावाने केले आणि त्यांतला अंधारही तितक्याच निगुतीने रंगवला. इचिकावाच्या 1965 च्या 'टोकियो ऑलिम्पियाड'च्या प्रचंड चमूतल्या प्रमुख छायालेखकांत तो होता. 1971 मध्ये दाइएई दिवाळखोरीत गेली आणि जवळजवळ तीस वर्षांची नोकरी संपली. तेव्हा तो त्रेसष्ट वर्षांचा. याच सुमारापासून मासाहिरो शिनोदाने त्याला धरून ठेवलं: शुसाकु एन्दोच्या कादंबरीवरचा 'सायलेन्स' (1971), आंधळ्या भटक्या गायिकेचा 'ओरिन' (1977), 'मॅकआर्थर्स चिल्ड्रेन' (1984), 'गोन्झा द स्पिअरमन' (1986), आणि 1989 चा 'द डान्सर'. कुरोसावाच्या 'कागेमुशा' (1980) चं काम त्याच्याकडे आलं होतं, पण मधुमेहाने दृष्टी अधू झाल्यामुळे ते सोडावं लागलं. श्रेयनामावलीत त्याचं नाव सहकार्यापुरतं आहे. 7 ऑगस्ट 1999 रोजी, एक्क्याण्णवाव्या वर्षी तो गेला.

त्याच्या हाताखाली तयार झालेला मासाहिरो मियाजिमा हा सहायक अलीकडे या जुन्या चित्रपटांच्या पुनरुज्जीवनात सल्लागार म्हणून बसतो. 'उगेत्सु'ची 4 के प्रत 2016 मध्ये आली, 'रिक्षावाला'ची 2020 मध्ये. अशा कामात ओरखडे काढणं यंत्रालाही जमतं. राखाडी नेमकी किती ठेवायची हे मात्र शॉट पाहिलेला माणूसच सांगू शकतो, कारण जुन्या प्रती फिक्या तरी झालेल्या असतात किंवा कुणीतरी त्या उगाच भडक केलेल्या असतात.

पाहायची सुरुवात करायची असेल तर माझी शिफारस 'राशोमोन'ची नाही. तो तुम्ही बहुधा पाहिलेला असेल किंवा पाहाल. आधी 'उगेत्सु' पाहा, नव्या प्रतीत, आणि खोलीतले दिवे खरोखरच बंद करून. लगेच दुसऱ्या दिवशी 'ओतोतो' मिळवा. टीव्हीवरचा 'व्हिव्हिड' पर्याय मात्र आधी बंद करा. तो चालू राहिला तर मियागावाने राखलेली चांदी पुन्हा धुतली जाईल.